दोन सूर्यांचं अंगण कोण झाडतं

माझ्या कादंबरीतलं तत्त्वज्ञान खोटं आहे, हे मी आमच्या वस्तीतल्या बायकांना त्या पावसाळ्यात निदान चाळीस वेळा सांगितलं असेल. खोटं म्हणजे मी रचलेलं. त्या देशात दोन सूर्य आहेत, एक पांढरा आणि एक तांबडा, म्हणून तिथल्या प्रत्येक माणसाला दोन सावल्या आहेत. तिथे डोंगरावर एक पीठ आहे, त्याचं नाव उभयछाया. हे सगळं मी दारव्ह्याच्या सेतू केंद्रात उत्पन्नाचे दाखले टाइप करता करता, समोर गर्दी नसेल तेव्हा, तीन वर्षांत लिहिलं. असा देश नाही, असा डोंगर नाही, असे सूर्य नाहीत. एवढं सांगून झालं की समोरची बाई मान हलवायची आणि विचारायची, "बरं, मंग तिथं पानी कुठून आनत?"

मी आमच्या घरातली पहिली पदवीधर आहे आणि हे मी कोणाला विसरू देत नाही. बीए, विषय तत्त्वज्ञान. यवतमाळच्या कॉलेजात त्या वर्षी या विषयाला आम्ही चौघं होतो, त्यातले दोघं नुसते एसटीच्या पाससाठी आले होते. तिसरा मधूनच आयटीआयला गेला. शेवटच्या वर्षी सर माझ्या एकटीसाठी यायचे आणि मी एकटीच आहे म्हणून लवकर जायचे. या विषयावर पुढे काय नोकरी लागते, हे मला आजवर इतक्यांनी विचारलं आहे की आता मी उत्तर देत नाही, सरळ दाखल्याचा फॉर्म पुढे करते. पण गूढवाद्यांचे पंथ, मठ, त्यांच्या साधना, त्यांची मौनं हे मला तेव्हापासून आवडायचं. आमच्या घरात देव नाहीत, आजोबांच्या पिढीनं ते सोडले. म्हणून असेल, पण एखादा माणूस बारा वर्षं भिंतीकडे बघत का बसतो, याचं मला भारी कुतूहल. म्हणून मी माझं स्वतःचं पीठ बांधलं.

नागपूरच्या एका प्रकाशकांनी कादंबरी घेतली. दसऱ्याला नागपूरला पुस्तकांचे स्टॉल लागतात, लाखो माणसं येतात, तेव्हा पुस्तक तिथे हवं असं त्यांचं म्हणणं. त्यासाठी पोळ्याच्या आत प्रुफं तपासून परत पाठवायची. बाबांनी हे ऐकलं आणि त्याच आठवड्यात एक जीप सांगून ठेवली. वस्तीतली बारा माणसं दसऱ्याला पोरीचं पुस्तक स्टॉलवर बघायला जाणार, हे पुस्तक छापायच्या आधीच ठरलं. बाबा दिग्रसच्या एका कापसाच्या जिनिंगमध्ये हमाल होते. सातवीत शाळा सुटली, पण पेपर शेवटच्या पानापर्यंत वाचतात, बोट ठेवून. एक मुलगी, एक पुस्तक आणि एक जीप. मला तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

आमच्या विहारात वर्षावासाचे तीन महिने रोज संध्याकाळी वाचन असतं. वंदना झाली की एकानं ग्रंथ वाचायचा, बाकीच्यांनी ऐकायचा. हे सगळीकडेच असतं. आमच्याकडे त्यावर एक जादा नियम आहे. वाचन झालं की कोणीही प्रश्न विचारायचा, आणि उत्तरानं विचारणाऱ्याचं समाधान झालं नाही तर तो प्रश्न भिंतीवरच्या फळ्यावर लिहायचा. फळ्यावरचा प्रश्न पुसला जाईपर्यंत पुढचं पान उलटायचं नाही. हा नियम कोणी केला ते माहीत नाही, पण खडू बाबांच्या ताब्यात असतो. एका वर्षी एकाच पानावर सतरा दिवस गेले होते, आणि लोक हे अभिमानानं सांगतात.

तर बाबांनी परस्पर जाहीर केलं की यंदा आपल्या पोरीनं तत्त्वज्ञानाच्या पिठावर लिहिलं आहे, तेच वाचू. प्रुफंही तपासून होतील. मी संध्याकाळी पोचले तेव्हा माझ्या ए-फोर कागदांचा गठ्ठा पांढऱ्या कापडात गुंडाळून चौरंगावर ठेवलेला होता. मी बाबांना बाजूला घेऊन सांगितलं की ही गोष्ट आहे, कल्पित, ग्रंथ नाही.

"तत्त्वज्ञान हाय का नाही त्यात?"

"आहे."

"मंग झालं."

आता खरं सांगायचं तर मी आणखी अडून बसू शकले असते. बसले नाही. मलाही वाटत होतं, वाचावं. विहाराच्या ज्या ओट्यावर बसून मी अ-आ-ई घोकली त्याच ओट्यावर माझं लिहिलेलं मीच वाचावं आणि या बायकांनी ऐकावं. त्यांनी माना डोलवाव्यात. थोडं रडल्या तरी चाललं असतं.

पहिली तीन प्रकरणं बरी गेली. प्रश्न आले, पण ते निभावले. दोन सूर्य असले तर कपाशी जळून कशी जात नाही? मी म्हटलं, तांबडा सूर्य मंद आहे. बाळंतिणीनं ऊन कोणत्या सूर्याचं घ्यायचं? मी म्हटलं, तांबड्याचं. गुरूच्या पोटापाण्याचं काय? हा प्रश्न बाबांचा, त्यांना कुठल्याही गुरूचा पहिला संशय तिथूनच येतो. मी म्हटलं, खालच्या गावातून धान्य येतं. कोणी विचारलं की ते गाववाले स्वतः का नाही बसत अंगणात. मी म्हटलं, पुढे येईल. पुढे येत नव्हतं, पण त्या विसरतील अशी माझी समजूत. आमच्या वस्तीत राहून मी अशी समजूत करून घेतली यातच माझं शिक्षण किती झालं ते आलं.

चौथं प्रकरण म्हणजे माझ्या कादंबरीचा जीव. उभयछाया पिठाचं पांढऱ्या दगडाचं अंगण. तिथे साधक बसतात. शिकवण अशी की माणसाच्या दोन सावल्यांपैकी एक त्याच्या देहाची असते आणि दुसरी तो जे होऊ शकला नाही त्याची. कोणती कोणती, हे गुरू कधीच सांगत नाही. साधकानं बारा वर्षं अंगणात बसून ते स्वतः ओळखायचं. अंगणावर काडी पडलेली चालत नाही, कारण काडीलाही दोन सावल्या असतात. आणि बसलेल्या साधकावर दुसऱ्या कोणाची सावली पडली तर त्याची सारी वर्षं वाया जातात, पुन्हा पहिल्यापासून. म्हणून झाडणाऱ्या बायका पहिला सूर्य उगवायच्या आत अंगण झाडून निघून जातात, आणि दिवसा कधी यावंच लागलं तर भिंतीकडेनं, वाकून, पायात घुंगरू बांधून येतात, म्हणजे साधक सावध होऊन सरकू शकतील. त्या घुंगरांच्या आवाजावर मी दीड पान लिहिलं होतं. शांत दुपार, पांढरा दगड, लांबून येणारी ती छुनछुन. प्रकाशकांनी फोन करून खास या दीड पानाचं कौतुक केलं होतं.

मी ते मन लावून वाचलं. संपवलं. वर बघितलं तर कोणी डोलत नव्हतं.

मोठी माय म्हणजे बाबांच्या मोठ्या भावाची बायको. तीस वर्षं तिनं जिनिंगच्या आवारात सांडलेला कापूस आणि सरकी झाडून गोळा केली. तिला लिहिता-वाचता येत नाही आणि त्याचं तिला काही वाटत नाही. ती खांबाला टेकून बसली होती.

"त्या झाडनारीले सावल्या किती?" तिनं विचारलं.

"दोनच. सगळ्यांना दोन."

"मंग ती कवा बसते?"

"कुठे?"

"अंगनात वं. आपली सावली कोनती ते पाहाले."

मी म्हटलं, ती बसत नाही, ती झाडते. ते गौण पात्र आहे. गौण म्हणजे काय, असं तिनं विचारलं. मी म्हटलं, कमी महत्त्वाचं. मोठी माय म्हणाली, "कोनं ठरोलं?"

मी ठरवलं होतं, दुसरं कोण ठरवणार? लेखक मी. तसं मी म्हणालेही, जरा जोरातच. बाबांनी उठून फळ्यावर लिहिलं: झाडणारी कधी बसते?

झालं. वाचन थांबलं.

दुसऱ्या दिवशी मी तयारी करून गेले. सेतू केंद्रात दिवसभर माझ्या डोक्यात तेच चालू होतं, एका माणसाच्या दाखल्यावर मी जन्मतारीख चुकवली. संध्याकाळी मी समजावून सांगितलं की प्रत्येकाची साधना वेगळी असते. साधकाची बसण्याची, झाडणारीची झाडण्याची. झाडणं हेच तिचं ध्यान. हे मी चांगलं मांडलं होतं, परीक्षेत दहापैकी आठ मिळाले असते. मोठी माय शेजारणीला कोपर मारून म्हणाली, "तीस वर्सं साधना करून राह्यलो आपन जिनिंगमंधी, अन् कोनं सांगतलंच नाही." सगळं विहार हसलं. बाबासुद्धा. फळा तसाच राहिला.

तिसऱ्या दिवशी मी म्हटलं की ही कल्पना आहे, खोटं आहे सगळं, खोट्या बाईच्या खोट्या पायातल्या घुंगराचा एवढा विचार कशाला. त्यावर एकीनं शांतपणे विचारलं की खोटंच आहे तर वाचायचं कशाला. दुसरी म्हणाली, खोटंच आहे तर बदलून टाक, खरं असतं तर बदलता आलं नसतं. मला डोकं धरून बसावंसं वाटलं. मी त्यांना सांगू पाहत होते की कादंबरी अशी फळ्यावर चालत नाही, आणि त्या मला सांगत होत्या की आपल्या इथे सगळं फळ्यावरच चालतं.

मग मोठी माय बोलली. माझ्याशी नाही, बाकीच्यांशी, पिशवी शिवताना बोलावं तसं. तिच्या सासूची आजी सांगायची म्हणे की त्यांच्या गावात आपल्या बायांनी मधल्या गल्लीतून जायचं ते भर दुपारीच जायचं. सकाळी नाही, उन्हं कलल्यावर नाही. दुपारी सावली पायाखाली येते, कोणाच्या ओट्यावर पडत नाही. म्हणून त्या बाया बाहेरची सारी कामं डोक्यावर ऊन घेऊन करायच्या. आणि गल्लीच्या तोंडाशी खाकरायचं, म्हणजे लोक बाजूला होतील. एवढं सांगून ती माझ्याकडे वळली.

"तुह्या देशात दोन सूर्य हायेत. म्हनजे तिच्या सावल्या कवाच पायाखाली येत नसतीन. तिनं बिचारीनं कवा जावं?"

कोणी हसलं नाही. कोणी मला रागावलंही नाही. एखादीनं रागावून काही म्हटलं असतं तर मला उत्तर देता आलं असतं, मी वादात कधी हरत नाही. त्यांना फक्त माहिती हवी होती.

खरं लिहायचं तर मला त्या वेळी लाज वाटली नाही, राग आला. त्यांच्यावर आला, बाबांवर आला, त्या फळ्यावर आला. घरी आल्यावर तो माझ्यावर वळला. मी हे सगळं शिकलेली बाई आहे. सावलीचा विटाळ काय असतो यावर मी ट्युटोरियल लिहिलं आहे, सरांनी ते वर्गात वाचून दाखवलं होतं, म्हणजे मलाच. आणि तरीही सेतू केंद्राच्या खुर्चीत बसून, पूर्ण मोकळं रान असताना, दोन सूर्य आकाशात टांगून मी पहिलं काम काय केलं? एका बाईला भिंतीकडेनं वाकून चालायला लावलं. ते घुंगरू मी कुठून उचललेलंही नव्हतं. ते आपोआप हाताशी आलं, आणि मला सुंदर वाटलं. सुंदर वाटलं, हे माझ्या डोक्यातून जाईना.

मी प्रकरण दुरुस्त करायला घेतलं. साधकांनीच पाळीपाळीनं झाडावं, असं केलं. तर मग ते बारा वर्षं अखंड बसू शकत नाहीत. अखंड बसले नाहीत तर नवव्या प्रकरणात नायकाची अकरा वर्षं आणि काही दिवस वाया जातात तो प्रसंगच उरत नाही, आणि तो नाही तर शेवट नाही. वाऱ्यानं अंगण साफ होतं असं केलं. ते मोठ्या मायला सांगितलं तर ती इतकं हसली की तिला ठसका लागला. वारा कचरा नेत नाही, आणतो, हे जिनिंगमध्ये काम केलेल्या कोणालाही माहीत आहे, म्हणाली.

ठसका शमल्यावर तिनं जे सांगितलं त्यानं माझं उरलंसुरलं पीठही कोसळलं. झाडणाऱ्या बाईला आपली सावली पाहूनच झाडावं लागतं. सावली कचऱ्यावर पडली तर बारीक काडी दिसत नाही, सरकी दिसत नाही. म्हणून ऊन कुठून येतं त्याप्रमाणे बाजू बदलत झाडायचं, उन्हाकडे तोंड करून, म्हणजे सावली मागे पडते. दोन सूर्य असतील तर दोन्ही सावल्या चुकवत झाडायचं. "महिनाभर झाडलं का तिले दोन्ही सावल्या पाठ होतीन," मोठी माय म्हणाली. "कोनती कशी हालते, कोनती तिची हाय, कोनती नाही. त्या बसनाऱ्याइले बारा वर्सं काहून लागतेत?"

काहून लागतात? मी स्वतःला विचारलं. तीन वर्षं लिहीत होते, हा प्रश्न मला एकदाही पडला नव्हता. ती पहाटे, सूर्याच्या आत झाडून जाते, असं मी लिहिलं होतं ना, मग तिला सावल्या दिसतातच कुठे, असा एक दुबळा मुद्दा मी काढला. मोठी माय म्हणाली, अंधारात झाडलेलं अंगण तू कधी पाहिलं आहेस का.

पोळा चार दिवसांवर आला. प्रकाशकांचा फोन आला. मी त्यांना अडचण सांगितली. ते भले गृहस्थ आहेत, शांतपणे ऐकून म्हणाले की ताई, दीड पानाचा तर प्रश्न आहे. ते दीड पान काढून टाका. अंगण स्वच्छ होतं, एवढं एक वाक्य ठेवा. कोणी विचारणार नाही. मी म्हटलं, विचारतात. ते म्हणाले, तुमच्या विहारात विचारतील, वाचक विचारत नाहीत.

बाबांचंही तेच मत पडलं. मला वाटलं होतं, ते फळ्याच्या बाजूनं बोलतील. पण जीप सांगितलेली होती, बारा माणसांना शब्द दिलेला होता. ते दारातल्या खुर्चीत बसून म्हणाले, काढ ना ते दीड पान, पुढच्या पुस्तकात लिव्ह त्या बाईचं. मी म्हटलं, पान काढलं तरी अंगण स्वच्छच राहतं ना. म्हणजे ती आहेच. आता तर तिला घुंगरूही नाही, ती आली-गेली कोणाला कळणारही नाही.

"त मंग काय करतं?"

"यंदा देत नाही."

बाबा उठून आत गेले. तीन दिवस माझ्याशी बोलले नाहीत, चहासुद्धा आईकडून निरोप पाठवून मागवत. मी प्रकाशकांना फोन करून सांगितलं की मला चौथ्यापासून पुढचं पुन्हा लिहायचं आहे, किती दिवस लागतील सांगता येत नाही. ते म्हणाले की दसऱ्याची यादी मग बंद होते, पुढचं पुढच्या वर्षी बघू, तेव्हा कागदाचे भाव काय असतील त्यावर आहे. फोन ठेवल्यावर मला मोकळं वगैरे काही वाटलं नाही. तीन वर्षं लिहिलेलं, प्रुफापर्यंत आलेलं पुस्तक मी माझ्या हातानं मागे ओढलं होतं. चिडचिड एवढी झाली की त्या दिवशी एका आजोबांना मी रेशनकार्डाच्या झेरॉक्ससाठी दोनदा परत पाठवलं. त्यांची काही चूक नव्हती.

आणि विहारातल्या बायका? त्या माझ्यावरच रागावल्या. वाचन बंद का केलं, म्हणून. चौथ्या प्रकरणात नायक डोंगर चढून आला, त्याचं पुढे काय झालं ते तर सांग. मी म्हटलं, तुम्हीच अडवलं. मोठी माय कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "आम्ही इचारलं वं बाई. पुस्तक बंद कर असं कोन म्हनलं?"

दसऱ्याला जीप गेलीच. सांगितलेली जीप बाबा रद्द करत नाहीत. मी येत नाही म्हटलं तर आईनं माझी पिशवी भरून ठेवली. मोठी माय पुढच्या सीटवर बसली, कारण मागे तिला मळमळतं. दुपारी स्टॉलच्या गर्दीत आम्ही प्रकाशकांच्या टेबलापाशी पोचलो. नवी पुस्तकं रांगेत मांडलेली होती. माझं नव्हतं, हे मला माहीत होतंच, तरी मी रांग पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहिली. टेबलामागच्या माणसानं मला ओळखलं. म्हणाला, अरे, तुमचं यंदा येणार होतं ना, काय झालं?

मी तोंड उघडायच्या आत बाबा पुढे झाले. त्यांच्या मागे अकरा माणसं उभी होती. तीन दिवसांचा अबोला धरणारे हेच बाबा, आणि आता छाती काढून, शेजारच्या दोन स्टॉलना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "आमच्या बायाइनं अडोलं ते. प्रश्न काढला एक. तो सुटल्याबिगर छापत नाही आमची पोरगी."

टेबलामागच्या माणसानं माझ्याकडे पाहिलं. हे खरं का, असं त्याला विचारायचं असावं. मी दुसरंच कुठलं तरी पुस्तक उचलून चाळायला लागले.

"मग कधी येणार?" त्यानं विचारलं.

"ते झाडनारीवर हाय," मोठी माय म्हणाली.